पोरखेळाचें वार्तापत्र

वर्तमानपत्र म्हणजे, काय छापण्याजोगें आहे आणि काय नाहीं, याचा रोज सकाळीं नव्यानें दिलेला निवाडा होय. बाळशास्त्री जांभेकरांनीं ६ जानेवारी १८३२ रोजीं 'दर्पण' काढिलें, तेव्हांपासून आजवर मराठींत या निवाड्यांत पुष्कळ फेरफार झाले. राजदरबार, कचेरी, लढाया आणि बाजारभाव यांचे पाट प्रथम मांडले गेले. नाटकें मागाहून पंगतीला आलीं, चित्रपट त्यांच्याहि मागून. आमच्या लहानपणीं क्रिकेटचा सामना शेवटच्या पानावर अंग चोरून उभा असे, तो आतां पहिल्या पानावर पाय पसरून बसतो. परंतु घरांतील मुलें कोपऱ्यांत मोबाइल घेऊन बसतात, तीं तेथें काय पाहतात, कशाला हसतात, कोणाची नक्कल करितात, हें बातमीदार पाठवून विचारावें असें संपादकांस फार दिवस वाटलें नाहीं. तो पोरखेळ ठरला. त्याची दखल घ्यावयाचीच झाली तर 'हल्लींचीं मुलें' अशा मथळ्याखालीं दोन उसासे टाकिले कीं काम भागे.

या पोरखेळाचीच बातमीदारी पत्करून उमेदीचीं वर्षें तींत घालविणाऱ्या टेलर लॉरेन्झ या अमेरिकन बाईंविषयीं या महिन्यांत लिहावयाचें आम्हीं योजिलें आहे. त्यांचीं सगळींच मतें आम्हांस पटतात असें नाहीं, आणि त्यांच्या हातून झालेल्या चुकाहि पुढें यावयाच्या आहेत. पण ज्या आंतरजालावर आपल्या घरांतील धाकटी मंडळी दिवसाचे कित्येक तास काढितात, तेथील बातमी आणणें हें कसलें काम आहे, आणि तें करणाऱ्याला त्यापायीं काय मोजावें लागतें, हें त्यांच्या हकीकतीवरून चांगलें समजतें.

बाई कनेक्टिकट राज्यांतील ओल्ड ग्रीनिच या गांवीं वाढल्या आणि न्यूयॉर्क राज्यांतील होबार्ट आणि विल्यम स्मिथ या जोड महाविद्यालयांतून पदवीधर झाल्या. आंतरजालावरील जीवनाची गोडी आपणांस 'टम्ब्लर' या संकेतस्थळामुळें लागली असें त्या सांगतात. तेथें तरुण मंडळी चित्रें, विनोद आणि मनांतलीं दुःखें हीं सारीं एकाच दोरीवर वाळत घालीत. पुढें 'डेली मेल'मध्यें समाजमाध्यमांचें काम, मग 'बिझनेस इनसायडर', 'द हिल', 'डेली बीस्ट', 'अटलांटिक' मासिक, २०१९ मध्यें 'न्यूयॉर्क टाइम्स', २०२२ मध्यें 'वॉशिंग्टन पोस्ट', आणि २०२४ मध्यें स्वतःचें पत्र. पस्तीस वर्षें एकाच शाळेंत, एकाच घंटेच्या नादावर काढलेल्या आमच्यासारख्या माणसाला ही यादी वाचूनच दम लागतो.

हें काम खुर्चींत बसून पडद्याकडे पाहण्याचें आहे असा कोणाचा समज असेल तर एक प्रसंग सांगतों. ऑगस्ट २०१७ मध्यें व्हर्जिनियांतील शार्लट्सव्हिल येथें गोऱ्या वर्णाभिमान्यांचा मेळावा भरला होता. त्याचा निषेध करणाऱ्यांच्या गर्दींत एकानें मोटार घुसविली आणि एका तरुणीचा प्राण गेला. लॉरेन्झबाई 'द हिल'च्या वतीनें हातांतील फोनवरून तेथील दृश्य थेट दाखवीत होत्या. त्या दाखवीत असतांनाच एका माणसानें त्यांच्या तोंडावर ठोसा मारिला.

त्यांच्या लेखांची संख्या मोठी आहे. आपण स्थालीपुलाकन्यायानें चार शितें चेपून पाहूं.

पहिलें शीत मार्च २०१९ च्या 'अटलांटिक'मधलें, आणि तें वाचून आमच्यांतला मास्तर खडबडून जागा झाला. अमेरिकन शाळांतून वर्गांत फोन वापरण्यास मनाई, गप्पांचीं संकेतस्थळेंहि बंद केलेलीं; परंतु अभ्यासासाठीं संगणक मात्र समोर उघडा. आतां 'गूगल डॉक्स' म्हणून जी सोय आहे तींत अनेकांनीं मिळून एकच कागद लिहावयाचा असतो. शाळांनीं ती निबंध-टिपणांकरितां मोठ्या कौतुकानें स्वीकारली होती. मुलांनीं काय करावें? कोरा कागद उघडावा, प्रत्येकानें निराळ्या वळणाचीं अक्षरें घ्यावीं, आणि गुरुजी फळ्यावर लिहीत असतां खुशाल गप्पा छाटाव्या. गुरुजींस वाटे, काय मन लावून टिपणें घेत आहेत! काम आटोपलें कीं मजकूर पुसून टाकिला. पुरावा शिल्लक नाहीं. आमच्या काळीं चिठ्ठ्या भूगोलाच्या नकाशावहींतून प्रवास करीत, आणि पकडलेल्या चिठ्ठीवर बहुधा आमचेंच चित्र असे. साधन नवें आलें, चिठ्ठी तीच राहिली. हें समजण्यासाठीं कोणीतरी मुलांना जाऊन विचारावें लागतें, आणि तीं खरें सांगतील इतका विश्वास त्यांच्याठायीं उत्पन्न करावा लागतो. शिक्षकांस तें जमलें नव्हतें. या बाईंस जमलें.

दुसरा लेख त्याच मासिकांतील, त्याच वर्षीच्या फेब्रुवारीचा. आमच्या वाचकांनीं तो आपल्या घरापुरता विचारांत घ्यावा असा आहे. नऊ-दहा वर्षांचें मूल एके दिवशीं सहज आपलेंच नांव आंतरजालावर शोधून पाहतें. त्याला वाटतें, तेथें काय असणार? तों त्याचा सगळा जन्म तेथें मांडून ठेविलेला! पाळण्यांतलें चित्र, दांत पडल्याचें चित्र, खेळांतला निकाल, आईनें लिहिलेल्या त्याच्या फजितीच्या गोष्टी. कांहीं मुलांस याचा आनंद होतो. आपण प्रसिद्ध आहों असें त्यांना वाटतें. कांहीं मात्र हादरून जातात. आपली ओळख आपण करून देण्यापूर्वींच दुसऱ्या कोणीतरी करून दिली, आणि ती आतां पुसतां येत नाहीं, हें तीं बोलून दाखवितात.

आपल्या घरोघरीं काय चाललें आहे? बारशाच्या दिवशीं पाळणा हालण्याच्या आधीं चित्र पाठविलें जातें. उष्टावण, जावळ, मुंजींतला मातृभोजनाचा घास, शाळेचा पहिला दिवस, त्यांत शाळेचें नांव वाचतां येईल असा गणवेष, एवढेंच काय पण न्हाणींतलें उघडें बाळसुद्धां. आजी मोठ्या प्रेमानें तें पुढें धाडते, काकू आणखी पुढें, आणि मग कोणाच्या हातीं पडलें त्याची गणती नाहीं. पूर्वीं घरांतील आल्बम दिवाणखान्यांत आलेल्या पाहुण्यालाच दिसे, आणि तो पाहुणा कोण हें यजमानास ठाऊक असे. आम्ही स्वतः या मताचे झालों आहों कीं, ज्या मुलाला आपण मुंजीच्या वेळीं गायत्रीचा अधिकारी समजतों, त्याला त्याचें चित्र बाहेर पाठवावें कीं नाहीं एवढें विचारण्यास हरकत नसावी. तें नको म्हणालें तर पाठवूं नये.

तिसरें शीत जरा तिखट आहे. २९ ऑक्टोबर २०१९ रोजीं 'न्यूयॉर्क टाइम्स'मध्यें लॉरेन्झबाईंनीं 'ओके बूमर' या वाक्प्रचाराची बातमी दिली. दुसऱ्या महायुद्धानंतर १९४६ ते १९६४ पर्यंत जन्मलेल्यांस अमेरिकेंत 'बूमर' म्हणतात. या पिढींतील कोणी तरुणांस उपदेश करूं लागला कीं त्यांनीं वाद न घालतां एवढे दोनच शब्द उच्चारावयाचे. आपल्याकडे 'बरं बरं, आजोबा' असें जें म्हणतात त्याचेंच हें भावंड; फक्त यांत 'बरं' कमी आणि 'आतां पुरे' अधिक. या थट्टेखालीं शिक्षणासाठीं काढलेलें कर्ज, घरांचीं न परवडणारीं भाडीं आणि तापत चाललेली पृथ्वी यांविषयींचा राग आहे, हें बाईंनीं मुलांच्याच तोंडून वदविलें. पुढच्याच महिन्यांत न्यूझीलंडच्या संसदेंत क्लोई स्वारब्रिक या पंचवीस वर्षांच्या सभासद बाई हवामानाविषयीं बोलत असतां कोणी मध्येंच अडथळा आणिला, तेव्हां हेच दोन शब्द टाकून त्या भाषण पुढें चालवूं लागल्या. आमचें जन्मसाल वरील हद्दींतच पडत असल्यामुळें याविषयीं आम्ही अधिक बोलत नाहीं.

आतां चौथी हकीकत. ती सविस्तर सांगितली पाहिजे, कारण बाईंच्या साऱ्या लेखनांत आम्हांस तीच सर्वांत मोलाची वाटते.

२०१९ च्या हिवाळ्यांत टिकटॉक या मंचावर 'रेनेगेड' नांवाच्या नाचानें अमेरिकन मुलांस वेड लाविलें. के कॅम्प या गायकाच्या 'लॉटरी' नामक गाण्याचा कांहीं सेकंदांचा तुकडा, आणि त्यावर हातांच्या व धडाच्या झपाट्यानें बदलणाऱ्या हालचाली, असें त्याचें स्वरूप. चार्ली डिअमेलिओ ही पंधरा वर्षांची मुलगी हा नाच करून इतकी गाजली कीं, लोक तिलाच त्या नाचाची मालकीण म्हणूं लागले. कीर्तीबरोबर जाहिरातींचे करार आले, निमंत्रणें आलीं. परंतु नाच तिनें रचिलेला नव्हता.

जॉर्जिया राज्यांत, अटलांटा शहराजवळ फेएटव्हिल या गांवीं, जलाया हार्मन नांवाची चौदा वर्षांची कृष्णवर्णीय मुलगी राहत होती. ती नृत्याचे वर्ग करी. २५ सप्टेंबर २०१९ रोजीं शाळेंतून घरीं आल्यावर तिनें तें गाणें लाविलें, त्याचे ठोके नीट ऐकले, आणि त्यांवर एक बऱ्यापैकीं अवघड रचना बसविली. आंतरजालावर ओळख झालेल्या एका मैत्रिणीसह तिनें ती केली, आणि चित्रण 'फनिमेट' व 'इन्स्टाग्राम' या मंचांवर ठेविलें. ऑक्टोबरांत दुसऱ्या कोणीतरी तो नाच, शेवटीं थोडाफार फेर करून, टिकटॉकवर नेला. तेथून तो पसरला, आणि पसरतां पसरतां रचणारीचें नांव वाटेंत गळून पडलें. जलाया लोकांच्या चित्रणांखालीं लिही कीं, हा नाच माझा आहे, माझें नांव तेवढें जोडा. बहुतेकांनीं तिकडे दुर्लक्ष केलें. कांहींनीं थट्टा केली. चौदा वर्षांच्या मुलीनें कोणाच्या कोर्टांत जावें?

१३ फेब्रुवारी २०२० रोजीं लॉरेन्झबाईंनीं ही सगळी साखळी, कोणी काय केव्हां कोठें ठेविलें या तारखांसह, 'न्यूयॉर्क टाइम्स'मध्यें छापली. तीनच दिवसांनीं, १६ फेब्रुवारीस, शिकागो येथें व्यावसायिक बास्केटबॉलचा जो वार्षिक तारांकित सामना झाला तेथें जलाया हजारों प्रेक्षकांसमोर आपला नाच नाचली. डिअमेलिओनेंहि तिचें श्रेय मान्य केलें आणि तिच्याबरोबर नाचून दाखविलें. हाच क्रम पुष्कळदां घडतो, आणि कृष्णवर्णीय मुलांचे नाच लहान मंचांवर जन्मून मोठ्या मंचावर दुसऱ्यांच्या नांवानें मिरवतात, हेंहि त्या लेखानें लोकांपुढें आणिलें.

आमचे कांहीं वाचक म्हणतील, पंधरा सेकंदांचा नाच तो काय आणि त्याचें श्रेय तें काय! त्यांस आम्ही आपल्याच घरचें उदाहरण देतों. संस्कृत नाटकांत सूत्रधार रंगभूमीवर आला कीं प्रस्तावनेंत कवीचें नांव सांगतो. भवभूतीनें तर गांव, गोत्र आणि वाडवडील यांसकट आपली ओळख नोंदवून ठेविली. उलट त्रिवेंद्रमच्या गणपतिशास्त्र्यांनीं १९१२ पासून जीं तेरा नाटकें भासाचीं म्हणून प्रसिद्ध केलीं, त्यांच्या स्थापनेंत कवीचें नांवच नाहीं. त्यामुळें तीं भासाचीं खरीं कीं काय हा वाद शंभर वर्षें उलटून गेलीं तरी पुरता मिटलेला नाहीं. आमच्या संतकवींस ही गोष्ट चांगली ठाऊक असली पाहिजे. अभंगाच्या शेवटच्या चरणांत त्यांनीं नाममुद्रा अशी गोंवून टाकिली कीं, ती काढावयास जावें तर छंदच मोडेल. जलायाच्या नाचाला अशी मुद्रिका नव्हती. ती बाईंच्या बातमीनें दिली, आणि तीहि मुलगी शाळेंत जात आहे तोंवरच. इतक्या लवकर न्याय भासाच्याहि वांट्यास आला नाहीं.

या नाचगाण्यांमागें व्यापार किती मोठा आहे, हें बाईंच्या २०२३ सालीं निघालेल्या 'एक्स्ट्रीमली ऑनलाइन' या पुस्तकावरून कळतें. मोठमोठ्या कंपन्यांच्या संस्थापकांचीं चरित्रें पुष्कळ झालीं. हीं माध्यमें खरोखर घडविलीं तीं तेथें रोज लिहिणाऱ्या, बोलणाऱ्या, नाचणाऱ्या सामान्य माणसांनीं, असा त्यांचा सिद्धांत आहे. 'वाइन' या सहा सेकंदांच्या चित्रणांच्या मंचाचेंच पाहा. तो २०१३ मध्यें निघाला. २०१५ मध्यें त्यावरील अठरा-वीस गाजलेल्या कलावंतांनीं एकत्र बसून कंपनीस सांगितलें कीं, आम्हांस प्रत्येकीं बारा लाख डॉलर द्या, आम्ही नेमानें काम करूं. नाहीं तर चाललों. कंपनीनें मानलें नाहीं. मंडळी निघून गेली, आणि ऑक्टोबर २०१६ मध्यें दुकान बंद होत असल्याचें जाहीर झालें. गिरणींतल्या संपाची ही तऱ्हा आमच्या वाचकांस अपरिचित नाहीं. येथें मागणी मान्य न होतां गिरणीच बसली, इतकाच फरक.

जानेवारी २०२० मध्यें त्यांनीं लॉस एंजेलिस येथील 'हाइप हाउस'ची हकीकत दिली. टिकटॉकवरच्या तरुण कलावंतांनीं मिळून एक मोठा वाडा घेतला होता. तेथें राहावयाचें, एकमेकांच्या चित्रणांत यावयाचें आणि एकमेकांची प्रसिद्धि वाढवावयाची. एक प्रकारचें एकत्र कुटुंबच म्हणा ना! मात्र त्या घरांत जो काम करीत नाहीं त्याला जागा नाहीं. आपल्या घरांत न कमावणाऱ्या धाकट्या काकांसहि पान वाढलें जातें, आणि तूप वाढतांना आजीचा हात त्यांच्याच पानावर जरा सैल सुटतो. ही सोय त्या वाड्यांत नव्हती.

पोरखेळाला राजसत्तेनेंहि ओळखलें. मार्च २०२२ मध्यें युक्रेनवर रशियाची स्वारी चालू असतां अमेरिकेच्या अध्यक्षीय कचेरीनें टिकटॉकवरील तीस नामांकित मंडळींस दूरस्थ बैठकींत बोलावून युद्धाची माहिती दिली. ही बातमी 'वॉशिंग्टन पोस्ट'मध्यें बाईंनीं फोडली. त्याच महिन्याच्या अखेरीस त्यांनीं आणि त्यांच्या एका सहकाऱ्यानें असें उजेडांत आणिलें कीं, फेसबुकची मालक असलेली 'मेटा' कंपनी 'टार्गेटेड व्हिक्टरी' या राजकीय सल्लागार पेढीस पैसे देऊन टिकटॉकविरुद्ध लोकमत कलुषित करवीत होती. गांवोगांवच्या वर्तमानपत्रांत काळजीवाहू पालकांच्या नांवानें पत्रें छापून येत होतीं. त्यांच्या मागें हा हात होता. वाचकहो, आपण ज्यास 'पालकांचा आक्रोश' समजून मान डोलवितों त्याचें बिल कोणी चुकतें केलें, हें पाहण्यास अशी एक बातमीदार पाहिजे.

आतां दुसरी बाजू. ज्या चव्हाट्याची बातमी द्यावयाची, त्याच चव्हाट्यावर या बातमीदारांचें बिऱ्हाड असतें. न्यायालयाचा बातमीदार संध्याकाळीं घरीं जातो. आंतरजालाच्या बातमीदाराला घरच नाहीं. मार्च २०२१ मध्यें महिला दिनाच्या निमित्तानें लॉरेन्झबाईंनीं आपल्या वांट्यास आलेल्या छळाविषयीं चार शब्द लिहिले. फॉक्स न्यूजच्या टकर कार्लसन यांनीं दूरचित्रवाणीवरून त्यांची टर उडविली. मग जो शिव्यांचा लोंढा आला तो पाहून 'न्यूयॉर्क टाइम्स'ला जाहीर निषेध करावा लागला. आगरकरांची पुण्यांतील सनातन्यांनीं जिवंतपणीं प्रेतयात्रा काढली होती, ती निदान एका दिवसांत घाटावर पोहोंचून संपली. येथें ती रोज निघते, आणि तिच्यांत तिरडीस खांदा देणाऱ्यांस आपलें तोंड दाखवावें लागत नाहीं.

एप्रिल २०२२ मधील प्रकरण याहून नाजूक. 'लिब्स ऑफ टिकटॉक' या नांवाचें एक निनांवी खातें होतें. समलिंगी आणि तत्सम लोकांचीं, त्यांतहि शिक्षकांचीं, चित्रणें वेंचून तें खातें उपहासासाठीं पुढें मांडी. त्याचे वाचक लाखांनीं होते आणि राजकारणी मंडळी त्याचा आधार घेत. तें कोण चालवितें हें लॉरेन्झबाईंनीं नांवानिशीं छापलें. एका पक्षानें म्हटलें, हें पत्रकाराचें कर्तव्यच. दुसऱ्यानें म्हटलें, खाजगी माणसाला जमावाच्या तोंडीं दिलें. चोकशीसाठीं बाईंनीं नातेवाइकांचें दार ठोठावलें, त्यावरहि गहजब झाला. जलायाच्या बाबतींत ज्या लेखणीनें नांव दिलें म्हणून जयजयकार, तिनेंच येथें नांव दिलें म्हणून धिक्कार! आमचें मत असें कीं, जो लाखों लोकांस रोज हांक मारतो आणि कायदे करणाऱ्यांच्या मनावर ज्याची छाप पडते, त्याचें नांव विचारण्याचा हक्क त्या लाखोंस आहे. श्रेयाला नांव पाहिजे तसें जबाबदारीलाहि पाहिजे. मात्र त्याच्या भावंडांनीं कांहीं लिहिलेलें नसतें. त्यांच्या उंबऱ्यापाशीं पत्रकारानें पाऊल शक्य तों आंखडतें घ्यावें. याविषयीं आमच्या घरांतच दोन तट आहेत, हेंहि सांगून ठेवितों.

चुका झाल्या त्या अशा. फेब्रुवारी २०२१ मध्यें 'क्लबहाउस' या बोलक्या मंचावरील एका मेळाव्यांत मार्क अँड्रीसन या भांडवलदारानें एक हीन शब्द उच्चारला असें त्यांनीं जाहीर लिहिलें. तो उच्चार दुसऱ्याचा निघाला, आणि तोहि तिसऱ्या कोणाचे शब्द सांगण्याच्या ओघांतला. लिहिलेलें त्यांस काढून घ्यावें लागलें. जून २०२२ मध्यें नट जॉनी डेप यांच्या खटल्यावर यूट्यूबवरील मंडळींनीं कशी कमाई केली या लेखांत, संबंधितांस त्यांचें म्हणणें विचारलें होतें असें छापून आलें. तें छापण्यापूर्वीं विचारलेलें नव्हतें. 'वॉशिंग्टन पोस्ट'ला दुरुस्ती द्यावी लागली. तें वाक्य संपादकीय हातून शिरलें असा बाईंचा खुलासा आहे. आम्ही वही तपासणाऱ्या मास्तरांच्या जातीचे असल्यामुळें पहिल्या चुकीस अधिक गुण कापूं. ऐकलें त्याच क्षणीं जगाला सांगण्याची घाई हा त्या चव्हाट्याचाच रोग आहे, आणि तेथें राहणाऱ्या वैद्याला तो जडला.

ट्विटर इलॉन मस्क यांच्या मालकीचें झाल्यावर डिसेंबर २०२२ मध्यें बाईंचें तेथील खातें कांहीं काळ बंद केलें गेलें. ज्यांच्याविषयीं लिहावयाचें त्यांच्याच हातीं दाराची कडी असली म्हणजे असें होतें. ऑगस्ट २०२४ मध्यें अध्यक्ष बायडन यांच्याबरोबरच्या एका छायाचित्रावर त्यांस युद्धगुन्हेगार म्हणणारी टीप बाईंच्या इन्स्टाग्रामवर दिसली. पत्रानें चौकशी आरंभिली. ऑक्टोबर २०२४ मध्यें त्यांनीं 'वॉशिंग्टन पोस्ट' सोडून 'यूझर मॅग' नांवाचें स्वतःचें वार्तापत्र काढिलें. वर्गणी थेट वाचकांकडून. संपादक, व्यवस्थापक आणि पोस्टमन एकच. आमच्या जुन्या मराठी पत्रकर्त्यांचा संसार याच वळणाचा होता. वर्गणीदारावर जगणारा संपादक मालकाच्या धाकांतून सुटतो, पण वर्गणीदाराला आवडेल तेंच लिहिण्याचा मोह त्याला पडतो. बाई त्या मोहास वश झाल्या नाहींत याचा एक दाखला ऑगस्ट २०२५ चा आहे. डेमोक्रॅटिक पक्षाची बाजू मांडणाऱ्या आंतरजालावरील कांहीं मंडळींस एका संस्थेमार्फत दरमहा ८,००० डॉलरांपर्यंत रक्कम मिळते, देणारा कोण हें उघड होत नाहीं, आणि करारांत त्याविषयीं वाच्यता न करण्याच्या अटी आहेत, अशी बातमी त्यांनीं 'वायर्ड' मासिकांत दिली. त्यांच्या वाचकांतील पुष्कळांस ती रुचली नसेल.

आपल्याकडे भारत सरकारनें २९ जून २०२० रोजीं टिकटॉकसह ५९ चिनी ॲप्सवर बंदी घातली. तिचीं कारणें राजकीय होतीं आणि त्यांचा विचार येथें करावयाचा नाहीं. परंतु तोंवर महाराष्ट्रांतील खेड्यापाड्यांतून, ज्यांना कोणी रंगभूमीवर उभें केलें नसतें असे शेतमजूर, गवंडी, घरकाम करणाऱ्या बाया आणि शाळकरी पोरें त्या मंचावर नाचत होतीं, सोंगें आणीत होतीं, आपल्या बोलींत हंसवीत होतीं. त्यांतली कोणती लकब कोणत्या गांवीं कोणी प्रथम काढली, कोणाला चार पैसे मिळूं लागले होते आणि बंदीच्या दुसऱ्या दिवशीं ते बंद झाल्यावर त्या घरांत काय झालें, याची कोणा मराठी बातमीदारानें गांवोगांव हिंडून, तारखांसह केलेली नोंद आमच्या वाचनांत आलेली नाहीं. त्या बायांपोरांस अजून विचारतां येईल. पुष्कळांचे जुने फोन फळीवर पडून असतील, आणि चित्रणें त्यांत असतील.